संघर्ष आणि मानवी हक्कांवर डॉक्युमेंटरी करायचीय? ठाणे-नवी मुंबईच्या मंडळींकडून सारखे येणारे प्रश्न

कुठेही स्क्रीनिंग झालं, ठाण्यात असो की वाशी-नेरुळला, की नंतर चहाच्या टपरीवर हेच प्रश्न येतात. कधी कॉलेजच्या पोरांकडून, कधी त्यांच्या आईवडिलांकडून, आणि आईवडिलांचे जास्त खमके असतात. म्हणून एकदाच लिहून ठेवतेय. मी या लाईनमध्ये बरीच वर्षं आहे, घर कळव्याला, एडिटिंग घरातच. उत्तरं माझी आहेत, दुसऱ्या कुणी वेगळं सांगितलं तर तेही ऐकून घ्या.

म्हणजे तुम्ही युद्धात जाऊन शूटिंग करता?

हा पहिला प्रश्न ठरलेला असतो. नाही हो, क्वचित. गोळीबार, दंगल, पाडापाडी ज्या दिवशी होते त्या दिवशी चॅनलवाले असतातच, ओबी व्हॅन लागलेली असते, आमचं काम ते निघून गेल्यावर सुरू होतं. कोर्टात तारीख पे तारीख चालू असते, ज्याच्या घरातलं माणूस गेलंय तो अजून सर्टिफिकेटसाठी चकरा मारत असतो, साक्षीदार गाव सोडून जातो, आणि हे सगळं बघायला कुणीच नसतं.

आपल्याकडचं सगळ्यात मोठं उदाहरण घाटकोपरचं. ११ जुलै १९९७ ला रमाबाई नगरमध्ये पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले, त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरेंनी आत्महत्या केली. डॉक्युमेंटरीवाले आनंद पटवर्धन, त्यांच्या आधीच्या एका फिल्ममध्ये घोगरे गायले होते, म्हणजे ओळख जुनी. त्या घटनेपासून सुरू झालेली ‘जय भीम कॉम्रेड’ लोकांसमोर आली २०११ मध्ये. चौदा वर्षं. हे वाचून ज्याच्या पोटात गोळा येतो त्याने रील्स कराव्यात, त्यातही बरी कमाई आहे, टोमणा नाही मारत.

मग काश्मीर, मणिपूर, छत्तीसगड, कुठेतरी जावंच लागेल ना?

का बरं? तुम्ही राहता तिथे काय कमी आहे?

नवी मुंबईत राहणाऱ्या किती जणांना माहितीये की आपण ज्या सेक्टरमध्ये राहतो ती जमीन कुणाची होती? सिडको आली १९७० ला, ९५ गावांची जमीन घेतली, भाताची शेती, मिठागरं, सगळं. जानेवारी १९८४ मध्ये उरण तालुक्यात जासईच्या परिसरात आंदोलन पेटलं, १६ आणि १७ तारखेला गोळीबार झाला, पाच शेतकरी हुतात्मा झाले. दि. बा. पाटील त्या लढ्याचे नेते. त्यातूनच पुढे साडेबारा टक्क्यांची योजना आली, म्हणजे घेतलेल्या जमिनीच्या बदल्यात तेवढा विकसित प्लॉट परत, जिच्या प्लॉटवर आज उभ्या असलेल्या बिल्डिंगींमध्ये आपण मेंटेनन्सवरून भांडतो. त्या दिवशी रस्त्यावर असलेली माणसं आता सत्तरी-ऐंशीत आहेत. अजून दहा वर्षांनी कुणाची मुलाखत घेणार?

ठाणे जिल्ह्याचा दुसरा भाग बघा, शहापूर, मुरबाड, भिवंडी. वीटभट्ट्यांवर कातकरी कुटुंबं पावसाळा संपला की जातात, आधीच उचल घेतलेली असते, ती फिटता फिटत नाही. लग्नाच्या कर्जापायी मालकाकडे राबणाऱ्याला आपल्याकडे लगीनगडी म्हणायचे, तुमच्या आजीला विचारा. वेठबिगारी कायद्याने बंद झाली १९७६ ला. कायद्याने. आणि गटारात, सोसायटीच्या सेप्टिक टँकमध्ये उतरून माणसं मरतात ते घोडबंदर रोडच्या चकाचक टॉवरमध्ये होत नाही असं वाटतंय का? सुप्रीम कोर्टाने २०२३ मध्ये भरपाई दहा लाखांवरून तीस लाख केली, ती प्रत्येकाच्या घरच्यांपर्यंत पोचते का, हाच एक विषय पुरेसा आहे.

शिवाय आगरी बोललेलं तुम्हाला कळतं. दिल्लीहून आलेल्याला दुभाषा लागतो, आणि दुभाष्यासमोर माणूस अर्धंच बोलतो. घराजवळ शिका, मग लांब जायचं तर जा.

कोर्स कुठला करू?

पुण्याचं एफटीआयआय आहे, कोलकात्याचं सत्यजित रे इन्स्टिट्यूट आहे, दिल्लीला जामियाचं मास कम्युनिकेशन सेंटर, आणि आपल्याला सगळ्यात जवळ म्हणजे देवनारचं टिस (टाटा इन्स्टिट्यूट ऑफ सोशल सायन्सेस), तिथलं मीडिया अँड कल्चरल स्टडीजचं डिपार्टमेंट डॉक्युमेंटरीसाठी खरंच चांगलं आहे. डिग्री नसेल तरी अडत नाही. पेडर रोडला मिफ, म्हणजे मुंबई आंतरराष्ट्रीय फिल्म फेस्टिव्हल भरतो, १९९० पासून, साधारण दोन वर्षांतून एकदा, तिथे सकाळपासून रात्रीपर्यंत ठाण मांडून बसा. प्रायव्हेट अकादमीला लाखांनी फी भरण्याआधी एकदा फोन करून विचारा की डॉक्युमेंटरी शिकवणाऱ्याने स्वतः किती केल्यात.

पोट भरतं का? (आईबाबांचा प्रश्न)

काका-काकू, खरं सांगू का, फक्त यावर नाही भरत. निदान सुरुवातीची बरीच वर्षं. ऐरोली-महापेच्या कंपन्यांच्या ट्रेनिंग फिल्म, लग्नं, संस्थांचे वार्षिक व्हिडीओ, परदेशी चॅनलसाठी दोन दिवसांचं कॅमेराकाम, कॉलेजात तासावर शिकवणं, अशा गोधडीवर घर चालतं आणि त्यातून उरलेल्या वेळात स्वतःची फिल्म. होम लोन घ्यायच्या आधी हे माहीत असलेलं बरं.

ग्रँट असतात. ॲमस्टरडॅमच्या इडफा फेस्टिव्हलचा बर्था फंड आहे, कोलकात्याला डॉकएज होतं जिथे बाहेरच्या कमिशनिंग एडिटर लोकांसमोर, म्हणजे चॅनलसाठी फिल्म निवडणाऱ्यांसमोर, फिल्म पिच करता येते, थोडक्यात मांडून पैसे मागता येतात. पण पिचिंग हे वेगळंच कौशल्य आहे, सात मिनिटांत कुणाचं तरी दुःख विकल्यासारखं वाटतं, मला अजूनही आवडत नाही, करते. आणि बाहेरून पैसा येणार असेल तर एफसीआरए, म्हणजे परदेशी देणग्यांचा कायदा, समजणारा सीए आधी गाठा. मदत म्हणून आलेला पैसा आणि कामाचा मोबदला म्हणून आलेला पैसा यात कायदा फरक करतो, आणि बातम्या-चालू घडामोडींचे कार्यक्रम बनवणाऱ्या कंपनीला परदेशी मदत घ्यायलाच बंदी आहे. ‘अरे टाकू अकाउंटला, बघू नंतर’ हे इथे चालत नाही.

संस्थेच्या पैशातून फिल्म करताय तर एक लक्षात ठेवा, ती त्यांची फिल्म आहे. त्यांना लाभार्थी हसताना हवा असतो. त्यात चूक काही नाही पण तुमची फिल्म आणि ती फिल्म एकाच हार्ड डिस्कवर, एकाच करारात मिसळू नका.

कॅमेरा कुठला घेऊ?

सकाळी सव्वाआठच्या ठाणे-वाशी लोकलमध्ये जो खांद्याला लावून चढता येईल तो. दोन कार्ड लागणारा असावा, म्हणजे एकाच वेळी दोन्हीवर रेकॉर्ड होतं. पैसे उरले तर आवाजावर घाला, चांगले लॅपल माईक (कपड्याला लावायचे छोटे), एक रेकॉर्डर, हेडफोन. चित्र थोडं हललं तर प्रेक्षक चालवून घेतो, ऐकू नाही आलं तर उठून जातो. ड्रोनचं म्हणाल तर २०२१ चे नियम वाचा आणि सरकारच्या डिजिटल स्काय पोर्टलवर नकाशा बघा, नवी मुंबई विमानतळाच्या आसपास तर खेळणं म्हणूनही उडवू नका.

लोक कॅमेऱ्यासमोर बोलायला तयार कसे होतात?

होत नाहीत, आणि पहिल्या दिवशी होऊही नयेत. पहिल्या दिवशीच जो धडाधडा बोलतो त्याने ते आधी कुणालातरी बोलून पाठ केलेलं असतं.

एका भट्टीवरचं सांगते, जागा नाही सांगत. एक बाई साच्यात चिखल थापत होत्या, थाप, खरवड, उलटा, उचल, परत थाप, बोलताना हात एकदाही थांबला नाही कारण मजुरी हजार विटांवर मिळते. मुकादम दहा फुटांवर खाटेवर बसलेला, मोबाईल बघतोय असं दाखवत. मी विचारलं, ताई किती वर्षं येता इथे? तर म्हणाल्या, ‘सगला बरा हाय.’ प्रश्न काय, उत्तर काय. म्हटलं आज कॅमेरा बंद. मग नुसतं जाऊन बसायचं, पोराला औषध आणून दे, त्यांच्या पाड्यावर पावसाळ्यात जा जेव्हा मुकादम नसतो. तिथे मग त्यांनी पत्र्याच्या पेटीतून एक वही काढली, मालकाच्या माणसाने लिहिलेली, उचल, तांदूळ, तेल, दवाखाना, खाली अंगठा. त्यांना वाचता येत नव्हतं, मला म्हणाल्या तू वाच, बघू किती राहिलेत. मी वाचत गेले आणि त्या बोटांवर मोजत गेल्या. तो शॉट फिल्ममध्ये फक्त वहीचा आणि हाताचा आहे.

संमतीचा फॉर्म सही करून घेतला की काम झालं असं शिकवतात, तो वकिलासाठी असतो. खरी संमती म्हणजे त्या माणसाला कळलं पाहिजे की हे मोबाईलवर येऊ शकतं, मालक बघू शकतो, सोयऱ्याधायऱ्यांत जाऊ शकतं, आणि एडिट लॉक, म्हणजे फायनल होईपर्यंत तो कधीही नाही म्हणू शकतो. हे त्याच्या बोलीत सांगा, ते सांगतानाचं रेकॉर्डिंगही ठेवा. आणि एकदा नाही, कच्चा कट दाखवून परत विचारा. हो, अशाने चांगले सीन हातचे जातात.

पैसे देता का, हेही विचारतात. बोलण्याचे नाही देत, नाहीतर उद्या कोर्टात समोरचा वकील तेवढंच धरून बसेल. पण माझ्यामुळे जिचा अर्धा दिवस बुडाला तिची मजुरी भरून देते आणि प्रवास-जेवण माझं. यावर आमच्यातच दोन मतं आहेत, भांडणंही होतात.

चेहरा ब्लर केला की झालं ना?

अजिबात नाही, आणि इथे नवीन पोरं सगळ्यात जास्त निष्काळजी असतात. ब्लर होतो फायनल फिल्ममध्ये, कार्डावर तर चेहरा स्वच्छ आहे, ते कार्ड चोरीला गेलं किंवा जप्त झालं तर? ज्याला धोका आहे त्याचा चेहरा मुळात शूटच करू नका. हात, पाठ, खिडकीसमोर बसवून सावली. आवाजाचा नुसता पिच बदलला तर तो कुणीही उलटा करून मूळ आवाज काढू शकतो, त्यापेक्षा दुसऱ्याकडून तेच वाक्य बोलून घ्या आणि फिल्ममध्ये तसं लिहा. बांगड्या, गोंदण, भिंतीवरचं कॅलेंडर, मागून जाणारी एसटी आणि तिची पाटी, गावातला माणूस यावरून क्षणात ओळखतो. मोबाईलचं लोकेशन बंद.

लैंगिक अत्याचाराच्या केसमध्ये तर कायदाच आहे, पीडितेची ओळख उघड करणं भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ खाली गुन्हा, लहान मुलांसाठी पॉक्सोचं कलम २३ वेगळं. आई स्वतः म्हणाली नाव घ्या तरी आधी वकिलाला विचारा.

फुटेजच्या तीन कॉपी, त्यातली एक दुसऱ्या घरी, डिस्क एन्क्रिप्ट केलेल्या. माझी एक कॉपी मावशीच्या कपाटात पैठण्यांखाली असायची, तिला वाटायचं लग्नाचा व्हिडीओ आहे.

पोलिसांनी अडवलं तर?

आधी आवाज चढवू नका. सार्वजनिक रस्त्यावर शूटिंग करणं हाच काही गुन्हा नाही, पण जमावबंदी लागू असेल, किंवा संरक्षण खात्याची जागा, बंदर, विमानतळ असलं काही असेल तर गोष्ट वेगळी. २०२२ मध्ये मुंबई हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाने सांगितलं की पोलीस स्टेशन हे ऑफिशियल सिक्रेट्स ॲक्टमधलं प्रतिबंधित ठिकाण नाही, हे पाठ असू द्या पण हवालदारासमोर ऐकवायच्या आधी त्याचा चेहरा बघा. कार्ड डिलीट कर म्हणाले तर नम्रपणे सांगा की जप्त करायचं तर पंचनामा करा, त्यात वस्तूचा सिरीयल नंबर आणि हॅश व्हॅल्यू (फाईल बदलली तर लगेच कळणारा आकडा, तिचा ठसाच म्हणा) लिहायला सांगा. वकिलाचा नंबर कागदावर लिहून खिशात, मोबाईल पहिला जातो. ईशान्येत नागालँड, मिझोराम, अरुणाचल आणि आता मणिपूरलाही इनर लाईन परमिट, म्हणजे बाहेरच्यांसाठी प्रवेशाचा परवाना लागतो, तो इथूनच काढून निघा.

माहितीच्या अधिकाराचा अर्ज मात्र कुणी अडवत नाही. दहा रुपये, तीस दिवस, जीविताचा किंवा स्वातंत्र्याचा प्रश्न असेल तर ४८ तास. माझ्या फिल्म निम्म्याहून जास्त कोर्ट नाक्यावर झेरॉक्सच्या रांगेत बनल्यात.

सेन्सॉर लागतं का?

सार्वजनिक प्रदर्शनासाठी लागतं, डॉक्युमेंटरीलाही. हा वाद जुना आहे, १९७० मध्ये सुप्रीम कोर्टात के. ए. अब्बासांची जी केस झाली ती चार शहरांवरच्या एका छोट्या डॉक्युमेंटरीवरूनच, आणि कोर्टाने आगाऊ सेन्सॉरशिप वैध ठरवली. फेस्टिव्हलला मंत्रालयाकडून सूट मिळू शकते. पूर्वी बोर्डाचा निर्णय पटला नाही तर अपिलासाठी ट्रायब्युनल होतं, २०२१ मध्ये ते गुंडाळलं, आता थेट हायकोर्ट, म्हणजे वकिलाचा खर्च आला. पटवर्धन अण्वस्त्रांवरच्या फिल्मसाठी हायकोर्टात गेले होते, बोर्डाने कट सांगितले, २००३ मध्ये मुंबई हायकोर्टाने एकही कट न लावता सोडली. २००४ च्या मिफला भारतीय फिल्मसाठी सेन्सॉर सर्टिफिकेटची अट आली तेव्हा डॉक्युमेंटरीवाल्यांनी भांडून ‘विकल्प’ नावाने समांतर फेस्टिव्हलच भरवला. ओटीटीला बोर्ड नाही, पण तिथे प्लॅटफॉर्मच इतके घाबरतात की बोर्ड बरं म्हणायची वेळ येते.

ठीक आहे, पण मला खरंच युद्धक्षेत्रातच जायचंय.

मग आधी टूर्निके, म्हणजे रक्त थांबवायचा घट्ट पट्टा, बांधायला शिका. मस्करी नाही करत. टिम हेदरिंग्टन, ज्याची युद्धावरची डॉक्युमेंटरी ऑस्करपर्यंत गेली होती, २० एप्रिल २०११ ला लिबियात मिसराताला मारला गेला. मांडीतून रक्त वाहत राहिलं. त्याच्यासोबत फिल्म केलेल्या सेबॅस्टियन युंगरने नंतर रिस्क नावाची संस्था काढली, फ्रीलान्सरना फक्त प्रथमोपचार शिकवायला. जखमेच्या वर दोनतीन इंच, करकचून, आणि बांधल्याची वेळ लिहायची, इतकी साधी गोष्ट. आपला फोटोपत्रकार दानिश सिद्दीकी १६ जुलै २०२१ ला अफगाणिस्तानात स्पिन बोल्दाकला मारला गेला, तो तर रॉयटर्सचा माणूस होता, मागे एवढी मोठी संस्था. तुमच्यामागे कोण आहे?

जिनिव्हा कराराच्या १९७७ च्या पहिल्या जादा प्रोटोकॉलमध्ये कलम ७९ आहे, पत्रकार म्हणजे नागरिक, त्याच्यावर हल्ला करायचा नाही. भारत त्या प्रोटोकॉलमध्ये नाही, आणि असता तरी कागद गोळी अडवत नाही. विमा असा बघा की ज्यात युद्धाचा अपवाद नाही, बहुतेक ट्रॅव्हल पॉलिसीत तो असतोच, बारीक अक्षरात. सामानासाठी फिक्कीकडून (उद्योगांची संघटना) एटीए कार्ने, म्हणजे सामान तात्पुरतं नेऊन आणायचा कागद, काढा नाहीतर परत येताना कस्टमवाले तुमच्याच कॅमेऱ्यावर ड्युटी मागतील. आणि तिथला फिक्सर (ओळखी-परवानग्या जमवून देणारा स्थानिक माणूस), ड्रायव्हर, दुभाषा यांचा विमा कोण काढणार? तुम्ही विमानाने परत याल, तो तिथेच राहणार आहे. त्याचं नाव क्रेडिटमध्ये घालायचं की नाही हेही त्यालाच विचारा.

दोन्ही बाजू दाखवता का?

भट्टीमालकाला मुलाखत मागते, दर वेळी. दिली तर कापाकापी न करता घालते. पण त्याला आणि भट्टीवर राबणाऱ्या बाईला मोजून सारखी मिनिटं देत नाही.

मुलीने यात पडावं का?

पडावं. घराच्या आत, चुलीपाशी आपल्याला जाता येतं, पुरुष कॅमेरामन ओटीवरच राहतो. रात्री परतायची सोय आधी ठरवा, बजेटमध्ये गाडी धरा, आणि गाडी नको म्हणणाऱ्या निर्मात्याला नमस्कार करा.

हे सगळं बघून डोक्याला त्रास नाही होत?

होतो. लोकेशनवर कमी, एडिटला जास्त, कारण तोच रडण्याचा आवाज कट जुळेपर्यंत पन्नासदा ऐकायचा असतो. म्हणून नको तेव्हा आवाज बंद करून काम करा, भयानक फुटेजची फाईल वेगळ्या नावाने ठेवा म्हणजे चुकून उघडत नाही, आणि झोपायच्या आधी ते बघू नका. झोप उडाली, कुकरची शिट्टी झाली तरी दचकायला होतंय, घरच्यांवर उगाच खेकसताय, तर डॉक्टरकडे जा. ‘ठाण्याला पाठवा हिला’ हा विनोद आपण लहानपणापासून ऐकलाय, १९०१ चं ते मनोरुग्णांचं हॉस्पिटल आपल्याच शहरात आहे आणि तिथे ओपीडीला नोकरदार माणसं रांगेत असतात, लाज कसली. टेलिमानस या सरकारी हेल्पलाईनचा १४४१६ नंबर मोफत आहे, मराठीत बोलता येतं.

फिल्मने काही बदलतं का?

कधी कधी. जास्त वेळा फिल्म नाही तर फुटेज कामाला येतं. कुणीतरी वकील दोन वर्षांनी फोन करतो की त्या दिवशीचं रेकॉर्डिंग आहे का. म्हणून मूळ फाईल कधी उडवू नका, तारखेसकट जपा, नवीन साक्ष कायद्याच्या कलम ६३ प्रमाणे सर्टिफिकेट लागतं, त्यात हॅशही द्यावा लागतो. पण जिने बोललंय तिला विचारल्याशिवाय फुटेज वकिलालाही द्यायचं नाही, मग वकील कितीही आपला असो.

आणि पहिला शो पाड्यावर, समाजमंदिरात, चादर लावून. फेस्टिव्हल नंतर. फिल्म संपली म्हणून फोन उचलायचं बंद करता येत नाही, रेशनकार्डाचं काम असो की पोरीचं ॲडमिशन, फोन येतातच, ते धरूनच पुढच्या फिल्मचं वेळापत्रक लावा.

असिस्टंट म्हणून घ्याल का?

शोरील (आपल्या कामाचे तुकडे जोडलेला व्हिडीओ) पाठवू नका, सगळ्यांचे सारखेच दिसतात. तुमच्या बिल्डिंगचा वॉचमन, कामवाल्या मावशी, कुणीही, त्यांची अर्ध्या तासाची मुलाखत घ्या, त्यांना विचारून, आणि टाईमकोडसकट, म्हणजे कुठलं वाक्य कितव्या मिनिटाला ते लिहून, शब्दन् शब्द उतरवून आणा, ‘अं’ आणि ‘हं’सुद्धा. आणल्यावर वाचू. मानधन थोडं आहे पण वेळेवर देते, आणि मुरबाडला पहाटे पाचला निघावं लागतं.